पेटी उघडण्याचा परवाना

१७०७ साली इंग्लंड आणि स्कॉटलंड ही दोन राज्ये एक झाली, तेव्हाच्या करारात पंचवीस कलमे होती. कर, नाणी, मीठ, व्यापार, कर्जाची वाटणी असा बहुतेक रुक्ष व्यवहार. चोविसाव्या कलमाच्या शेवटी मात्र एक वेगळी अट होती. स्कॉटलंडचा मुकुट, राजदंड, तलवार आणि संसदेचे दप्तर ही सगळी ठेव कायम स्कॉटलंडमध्येच राहील. संसद गेली होती, स्वतंत्र गादी गेली होती. उरले होते ते स्वतःचे चर्च, स्वतःचा कायदा आणि ही तीन राजचिन्हे. करार होताच ती एडिंबऱ्याच्या किल्ल्यात एका पेटीत कुलूपबंद झाली आणि पुढची जवळजवळ १११ वर्षे कुणाच्या दृष्टीस पडली नाहीत.

ती पुन्हा उजेडात आणली एका वकिलाने. वॉल्टर स्कॉट हे नाव मराठी वाचकाला ऐतिहासिक कादंबरीमुळे ठाऊक आहे. हरिभाऊ आपट्यांनीही तो वाचला होता. पण १८१८ च्या सुरुवातीला स्कॉट उघडपणे कादंबरीकार नव्हताच. कादंबऱ्या तो निनावी छापत असे. लोकांच्या लेखी तो कवी होता, आणि एडिंबऱ्याच्या सर्वोच्च दिवाणी न्यायालयात न्यायाधीशांच्या खालच्या मेजाशी बसून हुकूमनामे नोंदवणारा प्रधान लेखनिक. कविता आणि कोर्ट ही त्याची दोन टोके सहसा वेगवेगळी सांगितली जातात. राजचिन्हांच्या प्रकरणात ती एकमेकांत गुंतली. कवीने ध्यास घेतला हे खरे, पण पेटी उघडली ती वकिलाने.

ही राजचिन्हे मुळात आली कुठून? राजदंड रोमचा. पोप सहावा अलेक्झांडर याने १४९४ मध्ये तो चौथ्या जेम्स राजाला भेट दिला. तलवारही पोपकडूनच आली, दुसऱ्या ज्युलियसकडून, १५०७ मध्ये. मुकुट मात्र घरचा. जुना मुकुट मोडून पाचव्या जेम्सने १५४० मध्ये जॉन मॉसमन या सोनाराकडून तो नव्याने घडवून घेतला, त्यात स्कॉटलंडच्या खाणीतले सोने घातले आणि तिथल्याच नद्यांतले मोती जडवले. वजन सुमारे १.६ किलो. तिन्ही वस्तू एकत्र प्रथम वापरल्या गेल्या त्या १५४३ मध्ये, अवघ्या नऊ महिन्यांच्या मेरी राणीच्या राज्याभिषेकाला.

पुढच्या शतकात इंग्लंडच्या संसदेचा सेनापती क्रॉमवेल आला. १६४९ मध्ये पहिल्या चार्ल्सचा शिरच्छेद झाल्यावर इंग्लंडची राजचिन्हे फोडून, वितळवून सोने टांकसाळीत पाठवण्यात आले. स्कॉटलंडने उलटी वाट धरली. मारल्या गेलेल्या राजाच्या मुलाला, दुसऱ्या चार्ल्सला, १ जानेवारी १६५१ रोजी स्कोन येथे राज्याभिषेक केला. स्कॉटलंडच्या भूमीवरचा हा शेवटचा राज्याभिषेक. तोवर एडिंबऱ्याचा किल्ला क्रॉमवेलच्या हाती पडला होता, त्यामुळे राजचिन्हे परत तिथे नेण्याची सोय उरली नव्हती. अर्ल मारिशल या घराण्याकडे ती सांभाळण्याचा वंशपरंपरागत मान होता. त्यांचा डनॉटर किल्ला ईशान्य किनाऱ्यावर, तीन बाजूंनी समुद्रात घुसलेल्या उभ्या कड्यावर. राजचिन्हे तिथे गेली. अर्ल स्वतः शत्रूच्या कैदेत सापडला आणि किल्ला सांभाळायला उरला जॉर्ज ओगिल्वी नावाचा किल्लेदार, मूठभर शिबंदीनिशी.

१६५१ च्या शरद ऋतूत वेढा पडला. ओगिल्वीने तो मे १६५२ पर्यंत लढवला, पण किल्ला आज ना उद्या पडणार हे त्याला कळत होते. इथे एका पाद्र्याच्या बायकोचा प्रवेश होतो. जवळच्या किनेफ गावचा पाद्री जेम्स ग्रेंजर, त्याची पत्नी क्रिश्चन फ्लेचर. किल्लेदारीणबाईंना भेटायला जायचे आहे असे सांगून तिने इंग्रज सेनापतीकडून परवानगी मिळवली. प्रचलित हकिकतीप्रमाणे परतताना मुकुट तिच्या ओच्यात होता. राजदंड आणि तलवार जवसाच्या सुताच्या भाऱ्यात गुंडाळून मोलकरणीच्या पाठीवर दिली होती. तलवार लांब, ती मोडून तिचे दोन तुकडे करावे लागले. वेढ्यातून बाहेर पडताना खुद्द त्या सेनापतीने बाईंना हात देऊन घोड्यावर बसवले म्हणतात. दुसरी एक हकीकत अशी की या वस्तू दोरीने कड्यावरून खाली सोडल्या आणि समुद्रशेवाळ गोळा करणाऱ्या बाईने त्या टोपलीत घातल्या. कोणतीही खरी माना, शेवट एकच. मुकुट आणि राजदंड किनेफच्या चर्चमध्ये व्यासपीठासमोरच्या फरशीखाली आणि तलवार मागच्या बाकांखाली पुरली गेली. कुठे काय पुरले आहे ते ग्रेंजरने ३१ मार्च १६५२ रोजी अर्लच्या घरच्या कर्त्या बाईला लिहून दिले. नवराबायको अधूनमधून रात्री चर्चची दारे लावून फरशी उचलत, ओल लागू नये म्हणून राजचिन्हे विस्तवाशी धरत आणि पुन्हा पुरून टाकत. आठ वर्षे.

किल्ला पडला, इंग्रजांना आत काहीच सापडले नाही. ओगिल्वी आणि त्याची बायको एलिझाबेथ कैदेत गेले, छळ सोसला, तोंड उघडले नाही; एलिझाबेथ त्यातच खचून वारली. १६६० मध्ये दुसरा चार्ल्स गादीवर परतला आणि श्रेयावरून भांडण जुंपले. अर्लच्या घराण्याने आपल्या धाकट्या मुलाचे, जॉन कीथचे, नाव पुढे केले. वेढ्याच्या काळात हा गृहस्थ परदेशात जाऊन राजचिन्हे आपणच फ्रान्सला नेल्याची हूल उठवून आला होता. हूल उपयोगी पडली हे नाकारता येत नाही, पण म्हणून त्याला सरदारकी मिळावी? ती मिळाली. ओगिल्वीला त्याहून खालचा किताब. क्रिश्चन फ्लेचरला संसदेने २००० मर्क मंजूर केले. ज्या बाईने मुकुट ओच्यात घालून शत्रूच्या छावणीतून आणला तिचा नंबर यादीत शेवटी लागला, आणि दरबारी न्याय बघता यात नवल काही नाही.

यानंतर राजचिन्हांना एक साधेच काम उरले. राजा लंडनला, संसद एडिंबऱ्यात. तेव्हा अधिवेशनात राजाच्या जागी या वस्तू मांडल्या जात. विधेयक मंजूर झाले की राजदंड त्या कागदाला टेकवायचा, म्हणजे राजाची संमती झाली. १६ जानेवारी १७०७ रोजी तो विलीनीकरणाच्या कायद्याला टेकवला गेला. बाहेर एडिंबऱ्यात, ग्लासगोत लोक रस्त्यावर उतरले होते आणि संसदेतल्या अनेकांनी पैसे घेतल्याचा बोभाटा होता. ज्या दंडाने संसद वर्षानुवर्षे कायदे करत आली, त्याच दंडाच्या स्पर्शाने तिने स्वतःला विसर्जित केले.

२६ मार्चला राजचिन्हे किल्ल्यातल्या क्राउन रूममध्ये ओक लाकडाच्या पेटीत ठेवली गेली. अर्ल मारिशलचा प्रतिनिधी विल्यम विल्सन याने त्या वेळी नोटरीसमोर एक रीतसर तक्रारनामा नोंदवला. पेटीत ठेवले म्हणून आमचा वंशपरंपरेचा हक्क बुडत नाही, आणि या वस्तू इथून हलवायच्या तर आम्हाला कळवल्याशिवाय हलवता येणार नाहीत. सोबत प्रत्येक वस्तूचे रत्नागणिक, मोत्यागणिक वर्णन. असले कागद वाचताना सामान्य माणसाला झोप येते. पण हाच कागद पुढे कामाला आला. पेटीत काय ठेवले, कसे ठेवले आणि कोणत्या अटीवर ठेवले याचा तेवढाच पक्का पुरावा होता.

अर्लच्या घराण्याने गादी गमावलेल्या स्टुअर्ट राजघराण्यासाठी झालेल्या १७१५ च्या बंडात उडी घेतली, मालमत्ता आणि मान दोन्ही गमावले. राखणदारच परागंदा झाला. १७४५ चे बंड मोडल्यावर तर मुकुट हा शब्दही सरकारला नकोसा होता. लोकांत कुजबूज पसरली की पेटी केव्हाच रिकामी झाली, राजचिन्हे गुपचूप लंडनला गेली. १७९४ मध्ये संसदेची काही हरवलेली कागदपत्रे शोधण्यासाठी राजाच्या हुकमाने ती खोली उघडली. आत धुळीचा जाड थर आणि मधोमध ती पेटी. कुणीतरी ती हलवून पाहिली, आतून आवाज आला नाही. पण हुकूम कागदपत्रे शोधण्याचा होता, पेटी फोडण्याचा नव्हता. अधिकाऱ्यांनी पेटी उघडली नाही, दार पुन्हा बंद केले आणि निघून गेले. आपल्याला हे हास्यास्पद वाटेल. स्कॉटला वाटले नाही. तेव्हा तो बावीस-तेवीस वर्षांचा, सनद मिळून दोन वर्षे झालेला वकील होता, आणि परवान्यात काय लिहिले आहे यावर सगळे ठरते हे तो बापाच्या कचेरीतच शिकला होता.

स्कॉटचा जन्म १५ ऑगस्ट १७७१ चा, एडिंबऱ्याचा. वडील त्याच नावाचे, सॉलिसिटर. दीड वर्षाचा असताना ताप आला आणि उजवा पाय कायमचा लुळा झाला. हवापालटासाठी त्याला आजोबांच्या शेतावर सँडिनोला पाठवले. तिथे इंग्लंडच्या सीमेवरच्या लढायांची, गुरे पळवणाऱ्या टोळ्यांची, वैरांची गाणी त्याने म्हाताऱ्यांच्या तोंडून ऐकली. पंधराव्या वर्षाच्या सुमारास तो वडिलांच्याच कचेरीत उमेदवारीला लागला, पानेच्या पाने नकलून काढू लागला. पुढे तासन् तास न थांबता लिहिण्याची जी ताकद त्याच्यात दिसली ती या नकलांच्या तालमीतूनच आली असावी.

त्याच सुमाराच्या एका हिवाळ्यात तत्त्वज्ञ अॅडम फर्ग्युसन यांच्या घरी एका बैठकीला कवी रॉबर्ट बर्न्स आला होता. भिंतीवरच्या चित्राखाली काही ओळी होत्या, त्या कुणाच्या असे बर्न्सने विचारले. जमलेल्या विद्वानांपैकी कुणालाच सांगता येईना. कोपऱ्यातल्या पोरगेल्या स्कॉटला ते ठाऊक होते. त्या घरचा मुलगाही अॅडमच, स्कॉटचा जिवलग दोस्त. त्याला ध्यानात ठेवा, तो पुढे पुन्हा येणार आहे.

१७९२ मध्ये सनद. वकिली यथातथाच चालली. १७९९ अखेर सेलकर्कशायरचा शेरीफ, म्हणजे त्या भागाचा न्यायाधिकारी, म्हणून नेमणूक. वर्षाला ३०० पौंड. १८०६ पासून न्यायालयाचा प्रधान लेखनिक. दरम्यान १८०२ मध्ये सीमाभागातल्या लोकगीतांचा संग्रह निघाला, १८०५ मध्ये पहिले दीर्घकाव्य, आणि १८१० मध्ये 'लेडी ऑफ द लेक'. हे शेवटचे काव्य काही महिन्यांत २०,००० प्रती खपले आणि त्यातले तळे पाहायला लोकांची रीघ लागली. पहाटे पाचला उठून स्वतः शेगडी पेटवायची, कोर्टाची वेळ होईपर्यंत लिहायचे, मग निकालपत्रांच्या ढिगात जाऊन बसायचे, हा त्याचा क्रम. १८१३ मध्ये राजकवीपद चालून आले, ते त्याने नाकारले.

राजकारणात तो कट्टर टोरी, राजनिष्ठ, विलीनीकरणाचा समर्थक. पण स्कॉटलंडच्या न्यायालयांची रचना इंग्लंडच्या धर्तीवर बदलण्याचा प्रस्ताव आला तेव्हा त्याने तावातावाने विरोध केला. त्याचा जावई लॉकहार्ट याने चरित्रात सांगितलेला प्रसंग आहे. सभा संपल्यावर दोन सुधारणावादी मित्र थट्टेने त्याच्या भाषणाची तारीफ करत चालले होते. स्कॉट थांबला. हसण्यावारी नेऊ नका म्हणाला. थोडे थोडे करत तुम्ही स्कॉटलंडला स्कॉटलंड म्हणण्याजोगे काही शिल्लक ठेवणार नाही. आणि डोळ्यांतले पाणी लपवायला त्याने भिंतीकडे तोंड वळवले. कायदा गेला तर देश गेला असे मानणारा हा माणूस पेटीकडे नुसत्या कुतूहलाने बघत नव्हता. चोविसावे कलम त्याच्या दृष्टीने अजून लागू होते, आणि ते पाळले गेले आहे की नाही हे एकदा तपासायला हवे होते.

संधी मिळाली ती लंडनमध्ये. वेडसर झालेल्या तिसऱ्या जॉर्जच्या जागी कारभार पाहणारा युवराज स्कॉटच्या कवितांचा चाहता. १८१५ मध्ये त्याने स्कॉटला जेवायला बोलावले. दोघांची गट्टी जमली आणि स्कॉटने राजचिन्हांचा विषय त्याच्या कानावर घातला. युवराजालाही तो भावला. स्टुअर्ट राजघराण्याचा वारसा आपल्याकडे आहे असे दाखवण्याची त्याला हौस होती, आणि स्टुअर्टांचा खरा वंश तोवर संपलेला असल्याने त्यात धोका उरला नव्हता. २८ ऑक्टोबर १८१७ रोजी हुकूम निघाला. या वेळी त्यात पेटी उघडण्याचा अधिकार स्पष्ट लिहिलेला होता. आयुक्तांत न्यायालयाचे अध्यक्ष, बडे न्यायाधीश, एडिंबऱ्याचा महापौर, आणि स्कॉट.

४ फेब्रुवारी १८१८. मंडळी क्राउन रूमपाशी जमली. बाहेरचे दार ओकचे, आतले लोखंडी गजांचे. आत १७९४ नंतरची धूळ. पेटीच्या किल्ल्या सापडल्या नव्हत्या, म्हणून सरकारी लोहाराला बरोबर आणले होते. घणाचा पहिला घाव पडला तशी पेटी पोकळ वाजली, आणि जमलेल्यांच्या पोटात गोळा आला. रिकामी निघाली तर? गावभर हसे होणार होते, आणि सर्वात जास्त स्कॉटचे, कारण हे खूळ त्याचे. झाकण निघाले. आत तागाच्या कापडात गुंडाळलेला मुकुट, राजदंड, तलवार, १७०७ मध्ये ठेवले होते तसेच, शिवाय यादीत नसलेला एक चांदीचा दंड. किल्ल्यावर निशाण चढले. खाली जमलेल्या गर्दीने आणि पहाऱ्यावरच्या शिपायांनी जल्लोष केला. त्याच दिवशी स्कॉटने लंडनमधल्या क्रोकर या स्नेह्याला पत्र लिहून सगळे कळवले.

दुसऱ्या दिवशी तो मुलगी सोफिया हिला घेऊन पुन्हा गेला. लॉकहार्टने ही हकीकत सोफियाकडूनच ऐकली, कारण दोन वर्षांनी त्याने तिच्याशीच लग्न केले. घरी वडिलांच्या तोंडून इतके ऐकले होते की झाकण उघडताना ती घेरी येऊन पडण्याच्या बेतात होती. ती दाराकडे सरकली तेवढ्यात तिला वडिलांचा आवाज ऐकू आला, दरडावलेला, अगदी परका. एका आयुक्ताला थट्टा सुचली होती आणि तो मुकुट जमलेल्यांपैकी एका मुलीच्या डोक्यावर ठेवायला निघाला होता. स्कॉटने एका शब्दात त्याला जागच्या जागी थांबवले. बिचाऱ्याने ओशाळून मुकुट खाली ठेवला. मग स्कॉटही वरमला, मला माफ करा म्हणाला. घरी परतेपर्यंत बापलेकीत फारसे बोलणे झाले नाही. आदल्या दिवशीचे निशाण आणि जल्लोष एकीकडे, आणि हा क्षण एकीकडे. राखणदारी म्हणजे काय हे मला या दुसऱ्या प्रसंगात जास्त दिसते.

एडिंबऱ्यात हे चालले होते त्याच आठवड्यात साताऱ्यात काय चालले होते हे मराठी माणसाने जरूर पाहावे. १० फेब्रुवारी १८१८ ला साताऱ्याचा किल्ला इंग्रजांच्या स्वाधीन झाला आणि ११ तारखेला माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने तो प्रसिद्ध जाहीरनामा काढला. पेशव्याचे राज्य बुडाले, छत्रपतींना मात्र एक स्वतंत्र राज्य मिळेल. हा एल्फिन्स्टन स्कॉटिश. त्याचे वडील एडिंबऱ्याच्या किल्ल्याचे गव्हर्नर होते आणि पोरवयातले काही दिवस त्याने त्याच तटबंदीत खेळण्यात घालवले होते, म्हणजे त्या बंद खोलीपासून काही पावलांवर. शाळाही स्कॉटचीच, एडिंबऱ्याचे हायस्कूल. सत्ता काढून घ्यायची आणि गादीचा मान ठेवायचा, म्हणजे लोक शांत राहतात, हा हिशेब तो कुठे शिकला हे सांगता येणार नाही; पण त्याच्या मायदेशात तो शंभर वर्षे चालू होता. फरक असा की स्कॉटलंडच्या बाजूने पंचवीस कलमांचा करार होता आणि तो पाळणारी न्यायालये होती. साताऱ्याला १८१९ चा तह मिळाला, वीस वर्षांत छत्रपती प्रतापसिंह पदच्युत झाले आणि १८४८ मध्ये राज्य खालसा.

राजचिन्हे सापडली, आता सांभाळायची कुणी? स्कॉटने नाव सुचवले ते बालमित्राचे, कॅप्टन अॅडम फर्ग्युसनचे. त्याचीही गंमत आहे. पोर्तुगालात वेलिंग्टनच्या फौजेत असताना फ्रेंच तोफांच्या माऱ्याखाली त्याची कंपनी जमिनीला पालथी पडून होती, आणि फर्ग्युसनने गुडघ्यांवर बसून शिपायांना 'लेडी ऑफ द लेक'मधले लढाईचे वर्णन वाचून दाखवले होते. गोळा डोक्यावरच्या बांधाला लागला की शिपाई ओरडत, मग वाचन पुढे सुरू. मैत्रीखातर लावलेला वशिला म्हणा हवे तर, पण माणूस चुकीचा नव्हता. १८१९ मध्ये राजचिन्हे लोकांना पाहण्यासाठी खुली झाली. त्यांचे माहितीपुस्तकही स्कॉटनेच लिहिले.

१८२२ च्या ऑगस्टमध्ये तो युवराज चौथा जॉर्ज म्हणून स्कॉटलंडला आला. १६५१ नंतर राजा इथे येण्याची ही पहिलीच वेळ, आणि सोहळ्याची सूत्रे पूर्णपणे स्कॉटच्या हातात. लीथ बंदरात जहाजावर राजाच्या भेटीला गेला असताना, राजाने ज्या पेल्यातून व्हिस्की घेतली तो पेला स्कॉटने मागून घेतला, घराण्याची ठेव म्हणून जपायला. कोटाच्या मागच्या खिशात घातला. घरी आला, पाहुणा कवी क्रॅब बसला होता, त्याला भेटण्याच्या आनंदात स्कॉट खुर्चीत बसला आणि पेल्याचा चुरा झाला. राजाच्या ठेवी जपणाऱ्या माणसाच्या नावावर हेही जमा आहे.

सोहळा दणक्यात झाला. २२ ऑगस्टला भर पावसात मुकुट, राजदंड, तलवार मिरवत राजा हॉलिरूड राजवाड्यापासून किल्ल्यावर गेला. पण स्कॉटने सगळ्यांना नटवले डोंगरी पोशाखात. चौकटीची कापडे, झगे, कमरेला सुरे. १७४६ च्या पराभवानंतर ज्या वेषावर कायद्याने बंदी होती आणि सपाटीवरचे स्कॉट लोक ज्याला चोरांचा वेष म्हणत, तो एका पंधरवड्यात राष्ट्रीय पोशाख होऊन बसला. लठ्ठ राजाही तो घालून मिरवला. स्वतः लॉकहार्टला हे पटले नव्हते. आणि त्याच वर्षांत उत्तरेच्या दऱ्याखोऱ्यांतून त्या खऱ्या डोंगरी कुळांना जमीनदार हुसकावून लावत होते, कारण माणसांपेक्षा मेंढ्या किफायतशीर होत्या. एडिंबऱ्यात झग्यांची मिरवणूक, सदरलंडमध्ये मोडलेली घरे. स्कॉटची राखणदारी जिथे कमी पडली ती इथे. वस्तू, कागद, गाणी, न्यायालये हे सगळे त्याने जीव टाकून जपले. कुळांसाठी त्या जोमाने तो उभा राहिला नाही.

शब्द मात्र तो धरून ठेवी. मॉन्स मेग ही प्रचंड तोफ १७५४ मध्ये लंडनला नेली होती, ती परत द्या असे त्याने याच भेटीत राजाकडे मागणे घातले आणि १८२९ मध्ये ती किल्ल्यावर परत आलीही. १८२६ मध्ये सरकारने एक पौंडाच्या नोटा बंद करायला घेतल्या, तेव्हा टोपणनावाने तीन पत्रे लिहून त्याने स्कॉटलंडच्या बँकांच्या नोटा वाचवल्या. त्यांतल्या एका बँकेच्या नोटांवर आज त्याचे चित्र असते. त्याच वर्षी त्याचा छापखाना आणि प्रकाशक बुडाले. डोक्यावर सुमारे १,२०,००० पौंडांचे देणे. दिवाळे काढण्याची वाट वकिलाला पक्की ठाऊक होती. त्याने ती सोडून विश्वस्तपत्र करून दिले आणि लिहून लिहून कर्ज फेडायला बसला. २१ सप्टेंबर १८३२ ला तो वारला तेव्हा बरेच फिटले होते, बाकीचे पुस्तकांच्या हक्कांतून फिटले.

राजचिन्हे आजही किल्ल्यात आहेत. १७९० मध्ये ओगिल्वींच्या जुन्या घराच्या बागेत भिंतीत चिणलेला तलवारीचा पट्टा सापडला होता, तो त्या घराण्याच्या वारसाने एका शतकानंतर परत आणून दिला. दुसऱ्या महायुद्धात मुकुट किल्ल्यातल्याच एका पडक्या बुरुजाखाली, जुन्या शौचकूपाच्या जागी पुरून ठेवला होता. सप्टेंबर २०२२ मध्ये तो राणी एलिझाबेथच्या शवपेटीवर ठेवला गेला, तो एडिंबऱ्यातच. जुलै २०२३ मध्ये तिसऱ्या चार्ल्सला सेंट जाइल्स चर्चमध्ये राजचिन्हे अर्पण करायची वेळ आली, तेव्हा जुनी तलवार फार नाजूक झाली आहे असे ठरले. तिच्या जागी नवी घडवली, तिला एलिझाबेथचे नाव दिले, आणि पोपची मोडकी तलवार काचेच्या कपाटातच राहिली.